स्पेसफ्लाइट सिम्युलेटरमधली नवी फीचर्स: रंगरंगोटी किती, फिजिक्स किती?

कुठल्याही गेमला मोठं अपडेट आलं की दोन दिवसांत यूट्यूबवर 'टॉप १० न्यू फीचर्स'चा पाऊस पडतो. गंमत अशी की त्या यादीत सगळी फीचर्स एकाच तराजूत तोललेली असतात. रॉकेटच्या बाहेरच्या पत्र्यावर जळाल्याचे काळे डाग पडतात हेही फीचर, आणि अख्खी पृथ्वी वीसपट मोठी करता येते हेही फीचर. पहिल्यानं स्क्रीनशॉट छान येतो. दुसऱ्यानं तुम्ही आजवर शिकलेलं सगळं रॉकेटशास्त्र मोडीत निघतं.

म्हणून हा लेख. विषय आहे स्पेसफ्लाइट सिम्युलेटर, म्हणजे आपला एसएफएस. स्टेफो माय मोरोज्ना या डेव्हलपरनं सुरू केलेला हा गेम आधी मोबाईलवर गाजला आणि मग २०२२ मध्ये स्टीमवर कॉम्प्युटरसाठी आला. टाक्या, इंजिनं, सेपरेटर जोडून रॉकेट बांधायचं, उडवायचं, कक्षेत न्यायचं, चंद्रावर उतरवायचं. स्टोरी नाही, शत्रू नाही, लेव्हल नाही. सँडबॉक्स म्हणजे वाळूचा ढीग, काय बांधायचं ते तुम्ही ठरवा. इंटरनेट नसलं तरी चालतो, त्यामुळे मिरज-पुणे पॅसेंजरमध्ये बसून चंद्रावर जाणारी पोरं मी स्वतः पाहिली आहेत.

मी सॉफ्टवेअर इंजिनिअर आहे, महिन्यातले काही दिवस मिरजेच्या घरून काम करतो. गेमचे अपडेट बघताना माझा एकच प्रश्न असतो: या फीचरनं गेमच्या आतलं गणित बदललं का? गेल्या काही वर्षांत एसएफएसमध्ये डिफिकल्टी मोड आले, परत येताना लागणारी उष्णता आली, जळाल्याचे डाग आले, चीट्सची बटणं आली, स्वतःची सूर्यमाला बनवायची सोय आली. यातल्या कशात दम आहे ते बघू.

पृथ्वी लहान केली की काय होतं

नॉर्मल मोडमध्ये या गेमचे ग्रह खऱ्याच्या एक विसांश आकाराचे आहेत. हार्ड मोडमध्ये एक दशांश. रिअलिस्टिक मोडमध्ये खऱ्याएवढे. मेनूत हे तीन शब्द बघून वाटतं, चला, जरा अवघड होईल, शत्रूंचे हेल्थ पॉइंट वाढवतात तसं. तसं नाहीये हे.

कक्षेत फिरायला किती वेग लागतो याचं साधं सूत्र आहे: गुरुत्वाकर्षणाचं त्वरण गुणिले ग्रहाची त्रिज्या, आणि त्याचं वर्गमूळ. खऱ्या पृथ्वीची त्रिज्या ६३७१ किलोमीटर, त्वरण ९.८. उत्तर येतं सेकंदाला साधारण ७.९ किलोमीटर. आता त्वरण तेच ठेवून त्रिज्या वीसपट कमी करा. वेग वीसपट कमी होत नाही, विसाच्या वर्गमुळाएवढा, म्हणजे साधारण साडेचारपट कमी होतो. उत्तर: सेकंदाला सुमारे १.८ किलोमीटर.

साडेचारपट म्हणजे फार नाही असं वाटेल. पण रॉकेटच्या बाबतीत वेग आणि इंधन यांचं नातं सरळ नाही. त्सिओल्कोव्हस्कीचं समीकरण सांगतं की वेग बेरजेनं वाढवायचा तर वजन गुणाकारानं वाढतं. समजा इंजिनातून वायू सेकंदाला ३ किलोमीटर वेगानं बाहेर पडतो. खऱ्या पृथ्वीवर हवेचा अडथळा आणि गुरुत्वाकर्षणाशी झगडण्यात जाणारा हिस्सा धरून कक्षेत जायला एकूण ९.३ किलोमीटरच्या आसपासचा हिशेब लागतो. गणित केलं तर उड्डाणाच्या वेळच्या दर १०० किलोत ९५ किलोंहून जास्त इंधन. उरलेल्या साडेचार किलोंत टाक्या, इंजिन, वायरिंग आणि तुमचा उपग्रह. गेमच्या छोट्या पृथ्वीवर हाच हिशेब २.२ किलोमीटरचा धरा. इंधन ५२ किलो, बाकीचे ४८ तुमचे. म्हणून नॉर्मल मोडमध्ये एक टाकी, एक इंजिन लावून पोरगं कक्षेत जातं आणि विचारतं, यात अवघड काय आहे?

हे मिरजेच्या भाषेत सांगतो. एप्रिल २०१६ मध्ये लातूरला प्यायला पाणी नव्हतं तेव्हा आपल्या स्टेशनातून पाण्याची गाडी गेली होती. पहिल्या फेरीला दहा वाघिणी, पाच लाख लिटर पाणी. त्या गाडीच्या इंजिनाचं डिझेल वेगळं होतं, वाघिणीतलं पाणी वेगळं. आता कल्पना करा की इंजिन त्या पाण्यावरच चाललं असतं, वाटेत कुठंही भरायची सोय नसती. मग लातूरला एक वाघीण पोचवायला मिरजेतून किती जोडाव्या लागल्या असत्या? आणि त्या जास्तीच्या वाघिणी ओढायला आणखी किती? रॉकेट म्हणजे ही गाडी. अंतर थोडं असलं तर दोन-तीन वाघिणींत भागतं. अंतर वाढलं की गाडी फलाटात मावत नाही.

आपलं एलव्हीएम-३ रॉकेट उड्डाणाच्या वेळी साधारण ६४० टनांचं असतं. त्यातून चांद्रयान-३ चं जे यान कक्षेत सोडलं ते ३९०० किलोंचं होतं. शंभर किलोंमागे सहाशे ग्रॅम. रिअलिस्टिक मोडमध्ये एकदा रॉकेट बांधून बघा, हा आकडा अंगावर येतो. माझ्या मते या गेमला मिळालेलं हे सगळ्यात महत्त्वाचं फीचर आहे, आणि बहुतेक व्हिडिओंत त्याला दहा सेकंदही मिळत नाहीत, कारण दाखवण्यासारखं त्यात काही नाही. स्क्रीनवर तीच पृथ्वी दिसते.

'इस्रोला चाळीस दिवस का लागतात?'

माझा मावसभाऊ अकरावी सायन्सला आहे. त्याचा दावा होता, "दादा, माझं रॉकेट पाच मिनिटांत चंद्रावर जातं, अपोलो चार दिवसांत गेलं, मग आपलं चांद्रयान चाळीस दिवस काय करत होतं?"

प्रश्न चोख आहे. चांद्रयान-३ उडालं १४ जुलै २०२३ ला आणि उतरलं २३ ऑगस्टला संध्याकाळी ६ वाजून ४ मिनिटांनी. मोजून चाळीस दिवस. अपोलो ११ मागे सॅटर्न-५ होतं, जवळपास २९०० टनांचं. ते यानाला थेट चंद्राच्या वाटेवर ढकलून देत असे. आपल्या रॉकेटनं यानाला पृथ्वीभोवतीच्या लांबट कक्षेत सोडलं, जवळचं टोक साधारण १७० किलोमीटरवर आणि दूरचं ३६,५०० किलोमीटरवर. तिथून पुढचा वेग यानाच्या स्वतःच्या इंजिननं कमवायचा होता. त्या इंजिनाचा जोर किती? ४४० न्यूटन. ४५ किलोंची गोष्ट नुसती उचलून धरायला लागतो तेवढा, आणि यान ३९०० किलोंचं.

आता हिशेब करू. त्या कक्षेतून चंद्राकडे निघायला जवळच्या टोकाला साधारण ६६० मीटर प्रति सेकंद वेग वाढवावा लागतो. ४४० न्यूटनचं इंजिन सलग चालवलं तर त्याला दीड तासाच्या आसपास लागेल. पण यान त्या जवळच्या टोकापाशी थोडी मिनिटंच असतं, मग भर्रकन दूर निघून जातं. आणि इंजिन जोरात पळत असताना, म्हणजे पृथ्वीच्या जवळ असताना, चालवलं तरच इंधनाचा पुरेपूर मोबदला मिळतो. झोका जसा खालच्या टप्प्यावर आल्यावर ढकलायचा, तसं. मग इस्रोनं काय केलं? प्रत्येक फेरीत जवळच्या टोकाला थोडं थोडं इंजिन चालवलं. पाच वेळा कक्षा लांबवली, १ ऑगस्टला चंद्राचा रस्ता धरला, ५ ऑगस्टला चंद्राच्या कक्षेत शिरलं.

गेममध्ये हे कळत का नाही? कारण गेममधली बहुतेक इंजिनं दांडगी आहेत. काही सेकंदांत काम संपतं, वर टाइम वॉर्पचं बटण आहेच. मी भावाला म्हटलं, कक्षेत गेल्यावर सगळ्यात अशक्त इंजिन लाव, यान जड ठेव, मग जा चंद्रावर. दोनदा त्याचं यान भलत्याच दिशेला गेलं. तिसऱ्यांदा त्यानं आपणहून फेऱ्यांत तुकडे पाडले. कुणी शिकवलं नव्हतं.

उष्णता: इथं थोडी फसवणूक आहे, पण चांगली

वातावरणात परत शिरताना रॉकेट तापतं, भाग जळतात, हीट शील्ड लावावी लागते, हे अपडेटमधून आलेलं फीचर सगळ्यांना आवडतं आणि आवडावंच. पण वरचं गणित आठवा. नॉर्मल मोडमध्ये कक्षेचा वेग साडेचारपट कमी. गतिज ऊर्जा वेगाच्या वर्गावर जाते, म्हणजे ती वीसपट कमी. खऱ्या कक्षेतून परत येणाऱ्या दर किलो वजनात साधारण ३० मेगाज्यूल ऊर्जा असते. एवढ्या ऊर्जेत अकरा-बारा किलो पाण्याची पूर्ण वाफ होईल. गेमच्या छोट्या पृथ्वीवर तीच ऊर्जा दीड मेगाज्यूलच्या आसपास. इतक्या कमी ऊर्जेत तुम्हाला भाजल्यासारखं वाटायचं तर गेमला उष्णतेचे नियम हातानं कडक करावे लागतात. तसं करण्यात काही गैर नाही. नाहीतर हीट शील्ड हा नुसता शोभेचा भाग झाला असता.

एक गैरसमज मात्र या फीचरमुळे पक्का होतो: यान हवेशी घासून तापतं. मुख्य कारण घर्षण नव्हे. यान इतक्या वेगात येतं की समोरच्या हवेला बाजूला व्हायला वेळच मिळत नाही, ती चेपली जाते आणि चेपलेली हवा तापते. सायकलचा पंप मारताना पुढचं टोक गरम लागतं ना, तीच गोष्ट, फक्त अवाढव्य प्रमाणात. म्हणूनच कॅप्सूलचा तळ बोथट ठेवतात, टोकदार नाही. भारतानं हे पहिल्यांदा जानेवारी २००७ मध्ये करून दाखवलं. एसआरई-१ नावाची कॅप्सूल बारा दिवस कक्षेत राहून बंगालच्या उपसागरात उतरली. मग डिसेंबर २०१४ मध्ये एलव्हीएम-३ च्या पहिल्या प्रायोगिक उड्डाणात केअर मॉड्यूल. गगनयानात बसणाऱ्या माणसाचा जीव याच गणितावर असणार आहे.

आणि जळाल्याचे काळे डाग? रंगरंगोटी. छान दिसतात. पुढे चला.

डॉकिंग आणि मिरज जंक्शन

आमच्या गावातल्या माणसाला डॉकिंग समजावून सांगणं सोपं आहे, कारण शंटिंग बघत तो मोठा झालेला असतो. एका काळी मिरजेत ब्रॉडगेज, मीटरगेज, नॅरोगेज असे तिन्ही रूळ होते. डबा डब्याला जोडायचा तर रूळ एक हवा, उंची एक हवी, आणि शेवटचे दोन फूट इंजिन अगदी मुंगीच्या पावलानं यायला हवं.

१६ जानेवारी २०२५ ला इस्रोच्या स्पेडेक्स मोहिमेतले दोन उपग्रह अंतराळात जोडले गेले. प्रत्येकी साधारण २२० किलोंचे, ३० डिसेंबर २०२४ ला पीएसएलव्ही-सी६० मधून गेलेले. अमेरिका, रशिया, चीन यांच्यानंतर आपण चौथे. ठरलेली तारीख दोनदा पुढे गेली, मध्ये एकदा उपग्रह एकमेकांपासून तीन मीटरवर आणून परत मागे घेतले. तेव्हा सोशल मीडियावर बरीच टिंगल झाली. जोडणीच्या वेळचा वेग होता सेकंदाला १० मिलिमीटरच्या घरात. आणि हे सगळं होत असताना दोघं पृथ्वीभोवती सेकंदाला साडेसात किलोमीटरहून जास्त वेगानं पळत होते.

एसएफएसमध्ये डॉकिंग पोर्ट आहे आणि जवळ गेलं की ते चुंबकासारखं ओढून घेतं. शेवटचे दोन फूट गेमनं तुमच्याऐवजी केले. शिवाय गेम सपाट आहे, दोन मितींचा. तुम्हाला वर-खाली, डावी-उजवी आणि एक गिरकी, एवढंच सांभाळायचं: तीन आकडे. खऱ्या अंतराळात सहा. तीन दिशा आणि तीन गिरक्या. तीनवरून सहावर जाणं म्हणजे दुप्पट अवघड नाही, कारण प्रत्येक चूक दुसरीला बिघडवते.

तरीही डॉकिंगमधली सगळ्यात उलटी गोष्ट गेम इमानदारीत शिकवतो. रुळावर पुढची गाडी पकडायची तर वेग वाढवायचा. कक्षेत वेग वाढवला की तुम्ही वरच्या, मोठ्या कक्षेत जाता, फेरीला जास्त वेळ लागतो आणि तुम्ही आणखी मागे पडता. पुढच्याला गाठायचं तर आधी ब्रेक मारायचा. हे वाचून कळत नाही. चार वेळा हुकलं की बोटांना कळतं.

जे या गेममध्ये होऊच शकत नाही

आदित्य-एल१ उडवायचा प्रयत्न करून बघा. २ सप्टेंबर २०२३ ला निघालेलं हे यान ६ जानेवारी २०२४ ला पृथ्वीपासून १५ लाख किलोमीटरवरच्या एल१ बिंदूभोवतीच्या कक्षेत पोचलं. तिथं सूर्याची ओढ आणि पृथ्वीची ओढ यांचा असा मेळ बसतो की यान पृथ्वीच्या बरोबरीनं सूर्याभोवती फिरत राहतं.

एसएफएसमध्ये हा बिंदूच नाही. या गेममध्ये तुमच्यावर एका वेळी एकाच ग्रहाची सत्ता चालते. पृथ्वीच्या हद्दीत असाल तर फक्त पृथ्वी ओढते, हद्द ओलांडली की फक्त सूर्य. एका जिल्ह्याची हद्द संपून दुसऱ्या पोलीस ठाण्याची सुरू व्हावी तसं. यामुळे पुढचा मार्ग एका साध्या सूत्रात काढता येतो, स्वस्तातला फोनही तो क्षणात आखतो आणि टाइम वॉर्प कितीही वाढवला तरी कक्षा बिघडत नाही. गेमसाठी हा शहाणपणाचा सौदा आहे. पण दोन ओढींच्या मधली जागा त्यात हरवते. ती बघायची तर युनिव्हर्स सँडबॉक्ससारखा गेम लागतो, जिथं प्रत्येक वस्तू दुसऱ्या प्रत्येकीला ओढते. तो कॉम्प्युटरचा पंखा कसा फिरवतो हे ज्यानं चालवला त्याला माहीत आहे.

इथं माझ्या धंद्यातली एक गोष्ट सांगितल्याशिवाय राहवत नाही. गेम इंजिनं जागा मोजायला सहसा ३२ बिटांचा आकडा वापरतात. त्यात साधारण सात अंक अचूक राहतात, बस. तुमचं रॉकेट लाँचपॅडवर शून्य धरून मोजायला लागलात, तर खऱ्या चंद्राच्या अंतरावर, ३,८४,४०० किलोमीटरवर, दोन शेजारच्या आकड्यांमध्ये ३२ मीटरचं अंतर पडतं. मधली जागाच नाही. एल१ वर तेच १२८ मीटर. तुमचा लँडर एका पायरीवरून दुसऱ्या पायरीवर उडी मारत उतरेल. एक विसांश आकाराच्या जगात चंद्रापाशी ही पायरी दोन मीटरची असते. म्हणजे 'रिअलिस्टिक' हे मेनूतलं एक बटण द्यायला डेव्हलपरला आत बरीच उलथापालथ करावी लागते. यावर नेहमीचा उपाय म्हणजे रॉकेट जागेवर ठेवायचं आणि अख्खं जग त्याच्याभोवती सरकवायचं. फोनमध्ये तुमचं रॉकेट चंद्राकडे जात नसतं, चंद्र तुमच्याकडे येत असतो.

फुल व्हर्जन, मॉड आणि तुमचं बँक ॲप

मोफत आवृत्तीत मोजके भाग मिळतात, बाकीचे पैसे भरून उघडतात. मग टेलिग्रामवर 'सगळं अनलॉक' एपीके फिरते. ज्यांनी कुणी ती फाईल उघडून परत बांधली त्यांनी आत अजून काय घातलं हे तुम्हाला दिसत नाही. आणि आपल्याकडे गेमचा फोन वेगळा नसतो. त्याच फोनवर यूपीआय असतं, बऱ्याचदा आई-बाबांच्या खात्याचं. रॉकेटच्या गेमनं तुमचे एसएमएस वाचायची किंवा ॲक्सेसिबिलिटीची परवानगी मागितली तर तिथंच थांबा आणि ते काढून टाका. खऱ्या गेमला यातलं काहीही लागत नाही.

आणि खरं सांगू का, मॉडमधून जे मिळतं असं वाटतं त्यातलं बरंच गेमच देतो. अमर्याद इंधन, न तुटणारे भाग, गुरुत्वाकर्षण बंद, हवेचा अडथळा बंद, अशी चीट्सची बटणं सँडबॉक्समध्ये आहेतच. ती चीट म्हणून वापरू नका, प्रयोग म्हणून वापरा. फक्त हवा बंद करा आणि किती इंधन वाचलं ते वहीत लिहा. मग हवा चालू, बाकी तेच. कॉलेजच्या प्रॅक्टिकलमध्ये असं एक-एक बटण बंद करून बघायला कुणी देत नाही.

स्वतःची सूर्यमाला बनवायचं फीचर त्याच्याही पुढचं. प्रत्येक ग्रह म्हणजे एक मजकुराची फाईल, आत त्रिज्या, गुरुत्वाकर्षण, वातावरण असे आकडे. बदला आणि उडवा. अँड्रॉइड ११ पासून गेमच्या फोल्डरपर्यंत पोचणं कटकटीचं झालंय, कॉम्प्युटरला केबल लावून काम सोपं होतं.

येणार, येणार म्हणतात त्याचं काय?

'पुढच्या अपडेटमध्ये येणार' या यादीवर पैसे खर्च करू नका. कर्बल स्पेस प्रोग्राम २ चं उदाहरण ताजं आहे. २४ फेब्रुवारी २०२३ ला अपूर्ण अवस्थेत विक्रीला आला, वसाहती, ताऱ्यांमधला प्रवास, मल्टिप्लेअर सगळं कबूल करून. डिसेंबर २०२३ मध्ये सायन्सचं एक अपडेट आलं. २०२४ मध्ये स्टुडिओतल्या लोकांना नारळ मिळाला. वसाहती आल्याच नाहीत. ज्यांनी आज जे आहे त्यासाठी घेतला ते कमी दुखावले.

मला हवं असलेलं फीचर

२९ जानेवारी २०२५ ला जीएसएलव्ही-एफ१५ नं एनव्हीएस-०२ हा नाविकचा उपग्रह सोडला. श्रीहरिकोट्याहून इस्रोचं शंभरावं उड्डाण. रॉकेटनं काम चोख केलं. मग उपग्रहाच्या इंजिनाला ऑक्सिडायझर सोडणाऱ्या झडपा उघडल्या नाहीत. यान लांबट कक्षेतच राहिलं. त्याच वर्षी १८ मे ला पीएसएलव्ही-सी६१ च्या तिसऱ्या टप्प्यात दाब पडला आणि ईओएस-०९ गेला.

तेव्हा आमच्या भावाच्या ग्रुपवर मेसेज फिरत होते की साधी कक्षा वाढवता येत नाही यांना, आम्ही गेममध्ये रोज वाढवतो. ही पोरं मूर्ख नाहीत. त्यांना कक्षा म्हणजे काय हे माझ्या अकरावीतल्या वर्गापेक्षा जास्त कळतं. पण त्यांच्या गेममध्ये बटण दाबलं की इंजिन पेटतं. दरवेळी. हजार वेळा बंद करा, हजार वेळा पेटतं. झडप नावाची वस्तूच तिथं नाही. रॉकेट पडलं तर ते तुमच्या डिझाइनमुळे किंवा तुमच्या हातामुळे पडतं, शिवाकाशीच्या फटाक्यासारखं एखादं फुसकं निघत नाही. गुरुत्वाकर्षण, उष्णता, आकार यांत गेम दर अपडेटला खऱ्याच्या जवळ जातोय. या एका बाबतीत तो पहिल्या दिवशी जिथं होता तिथंच आहे, आणि तिथूनच पोरांचं मत बनतं की जिथं बिघडलं तिथं कुणीतरी बावळटपणा केला.

हे फीचर येईपर्यंत आम्ही घरचा उपाय काढलाय. लुडोचे दोन फासे. रॉकेट उडताना आणि नंतर प्रत्येक वेळी इंजिन पेटवायच्या आधी दोन्ही टाकायचे. दोन्हींवर एक आला तर ते इंजिन त्या मोहिमेपुरतं मेलं, त्याला हात लावायचा नाही. छत्तीसात एक ही शक्यता उगाच धरलेली नाही. सी६१ पर्यंत पीएसएलव्हीची ६३ उड्डाणं झाली, त्यातली तीन पूर्ण वाया गेली, म्हणजे एकविसात एक. मोहिमेत दोन-तीनदा फासे पडले की आपण त्याच्याच आसपास येतो.

पहिल्या रविवारी काहीच झालं नाही, भाऊ कंटाळला. दुसऱ्या रविवारी चंद्राच्या कक्षेत शिरायच्या वेळी दोन एक आले आणि त्याचं यान चंद्राला वळसा घालून निघून गेलं. तो बराच वेळ काही बोलला नाही. मग नव्या डिझाइनला त्यानं दुसरं इंजिन लावलं, त्याच्या वजनानं इंधन पुरेना, म्हणून टाकी वाढवली, टाकीमुळे खालचा टप्पा कमी पडला. रात्री साडेअकराला मावशीनं फोन काढून घेतला तेव्हा रॉकेट अजून पॅडवरच होतं.